‘सर्वांनी’ म्हणजे नेमकं कुणी?

जुलै २०१७. संध्याकाळची वेळ, भोसरीतला इंद्रायणी कॉर्नर. एका वाहनानं पंचवीस वर्षांच्या तरुणाला उडवलं. तो रस्त्यावर रक्ताच्या थारोळ्यात पडला होता आणि भोवती गर्दी जमली होती. गर्दीतल्या लोकांनी मोबाईल काढले, फोटो घेतले, व्हिडिओ केले. तिथून जाणारे दातांचे एक डॉक्टर गर्दी बघून थांबले, त्यांनी त्याला हॉस्पिटलमध्ये नेलं. तोवर उशीर झाला होता. गेलेला मुलगा सॉफ्टवेअर इंजिनिअर होता.

मी तेव्हा इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला होतो. इंद्रायणी कॉर्नर माझ्या पायाखालचा. आमच्या वर्गाच्या ग्रुपवर बातमी आली आणि पुढचा तासभर सगळ्यांनी शिव्या घातल्या. माणुसकी मेली, लोक जनावरं झालेत, वगैरे. मीही एक रागाचं वाक्य टाकलं. ‘मी तिथे असतो तर थांबलो असतो का?’ हा प्रश्न साठ जणांच्या ग्रुपमध्ये एकानंही विचारला नाही. मीही नाही.

मराठीत अशा माणसाला फार नेमका शब्द आहे : बघ्या. पेपरात रोज असतो. ‘बघ्यांची गर्दी’, ‘प्रशासनाची बघ्याची भूमिका’. मानसशास्त्रात याला ‘बायस्टँडर इफेक्ट’ म्हणतात, पण मला आपला शब्द जास्त आवडतो. त्यात काय करतोय तेही येतं आणि काय करत नाही तेही.

हा लेख मात्र त्या अपघाताबद्दल नाही, हवामान बदलाबद्दल आहे. आणि माझं म्हणणं सरळ आहे. आपण पिंपरी-चिंचवडची पगारदार, शिकलेली, हातात स्मार्टफोन असलेली पिढी तापत्या हवामानापुढे जे करतोय, ते इंद्रायणी कॉर्नरच्या गर्दीनं केलं त्याहून वेगळं नाही. फरक इतकाच, की आपली गर्दी मोठी आहे आणि आपल्याकडे सबबी जास्त हुशार आहेत.

आधी एक जुना प्रयोग. बिब लाटाने आणि जॉन डार्ली या दोन अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी तो १९६८ साली प्रसिद्ध केला. कॉलेजातल्या मुलांना एका खोलीत फॉर्म भरायला बसवलं. थोड्या वेळानं भिंतीतल्या झरोक्यातून खोलीत धूर सोडायला सुरुवात केली. खोलीत एकटं असलेल्यांपैकी ७५ टक्के मुलांनी बाहेर जाऊन सांगितलं, की धूर येतोय. मग त्याच खोलीत एका मुलासोबत दोन माणसं बसवली. ती प्रयोग करणाऱ्यांचीच होती, आणि त्यांना सांगितलं होतं, धूर दिसला तरी मान खाली घालून फॉर्म भरत राहायचं. आता बाहेर जाऊन सांगणारी मुलं किती? दहातलं एक.

बाकीच्यांनी काय केलं, ते मला आकड्यापेक्षा जास्त लागतं. ती खोकत होती, डोळे चोळत होती, हातानं धूर बाजूला सारत होती आणि फॉर्म भरत होती. नंतर विचारलं तर म्हणाली, वाफ असेल असं वाटलं, एसीचं काहीतरी असेल असं वाटलं. म्हणजे त्यांना धूर दिसला नव्हता असं नाही, आणि ती निर्दयही नव्हती. त्यांनी शेजारच्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं. तो शांत होता. म्हणजे काळजीचं कारण नसणार.

याच दोघांच्या आणखी एका प्रयोगात, कुणाला तरी फिट आल्याचा आवाज ऐकू यायचा. आपण एकटेच ऐकतोय असं वाटणाऱ्यांपैकी ८५ टक्के मदतीला उठले. आणखी चौघं ऐकतायत असं वाटलं, तेव्हा ३१ टक्के.

तुम्हाला हे अमेरिकेतलं, साठ वर्षांपूर्वीचं वाटत असेल तर कुंडमळ्याला चला. तळेगावजवळ, इंद्रायणीवर. १५ जून २०२५, रविवार. पावसाळा नुकताच सुरू झालेला, नदीला पाणी आलेलं. तिथल्या जुन्या लोखंडी पुलावर पर्यटकांची दाटी झाली आणि पूल कोसळला. चार माणसं गेली. पूल धोकादायक आहे असा फलक तिथे होता. पण फलक वाचणाऱ्याला पुलावर काय दिसत होतं? पोरंबाळं घेऊन उभी असलेली, सेल्फी काढणारी शंभरेक माणसं. इतके लोक उभे आहेत म्हणजे पूल भक्कमच असणार! प्रत्येक जण दुसऱ्याच्या भरवशावर उभा होता, आणि खाली गंजलेलं लोखंड होतं. प्रशासनानं तो पूल आधीच पाडायला किंवा पक्का बंद करायला हवा होता, यात वादच नाही. पण पुलावर जाण्याआधी मीही फलक वाचला नसता, गर्दीच वाचली असती. कारण मी रोज तेच करतो.

आपल्या शहरातला धूर कुठला? घ्या, तुमच्या नळाचंच घ्या. नोव्हेंबर २०१९ पासून पिंपरी-चिंचवडला दिवसाआड पाणी येतं. सुरुवातीला ते तात्पुरतं वाटलं होतं. आज आठवी-नववीतल्या मुलांना रोज पाणी येणारं शहर नीट आठवतही नसेल. जुलै २०२४ मध्ये उलटा प्रकार : एका रात्रीच्या पावसानं आणि धरणांच्या विसर्गानं सांगवी, पिंपळे गुरवकडच्या नदीकाठच्या घरांत पाणी शिरलं. यातला सगळा दोष हवामान बदलावर ढकलायचा नाही मला. नाले बुजवणारे, पूररेषेत प्लॉट पाडणारे आणि ते पाडू देणारे आपल्याच गावचे आहेत. पण गरम हवेत जास्त बाष्प मावतं आणि ते एकदम कोसळतं, हे भौतिकशास्त्र आहे, मतप्रदर्शन नव्हे. आपण काय केलं? डोळे चोळले, टँकर मागवला, फॉर्म भरत राहिलो.

आणि शेजारच्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं. हे मी अलंकारिक बोलत नाही, याचं मोजमाप झालेलं आहे. २०२४ मध्ये ‘नेचर क्लायमेट चेंज’ या नियतकालिकात एका जागतिक पाहणीचे निष्कर्ष आले. १२५ देश, सुमारे १ लाख ३० हजार माणसं. हवामान बदल रोखण्यासाठी दर महिन्याच्या उत्पन्नातला १ टक्का द्याल का, असं विचारलं. ६९ टक्के लोक हो म्हणाले. मग विचारलं, तुमच्या देशातले किती जण हो म्हणतील? सरासरी उत्तर आलं ४३. पुन्हा वाचा. शंभरातले एकोणसत्तर तयार आहेत, आणि त्यांना वाटतंय की बहुतेक लोक तयार नाहीत. धुराची खोली यापेक्षा वेगळी काय असते? इथे तर गप्प बसायला पैसे देऊन बसवलेलं कुणी नाही. आपणच एकमेकांसाठी ती दोन माणसं आहोत.

आता हुशार सबबींकडे येतो. ‘माझ्या एकट्यानं काय होणार’ ही साधी आवृत्ती आजोबांच्या पिढीची. आमच्या पिढीकडे आकडे आहेत.

पहिला आकडा तुम्हीही शेअर केला असेल : शंभर कंपन्या ७१ टक्के उत्सर्जनाला जबाबदार आहेत, मी स्ट्रॉ नाकारून काय होणार! हा आकडा २०१७ च्या एका अहवालातला आहे आणि तो खोटा नाही. पण त्या शंभर कंपन्या म्हणजे तेल, कोळसा आणि गॅस काढणाऱ्या कंपन्या, सरकारी धरून. १९८८ पासूनच्या त्यांच्या हिशेबातला नव्वद टक्क्यांच्या आसपास भाग हा त्यांनी विकलेलं इंधन जाळल्याचा आहे. जाळलं कुणी? चाकणच्या तळेगाव चौकात एसी लावून पाऊण तास उभा असलेल्या माझ्या गाडीनं. ‘कार्बन फूटप्रिंट’ हा शब्द घराघरात पोचवायला बीपी या तेल कंपनीनंच हातभार लावला, म्हणजे दोष आपल्या गळ्यात पडावा, हेही खरं. कंपन्या लबाड आहेत. पण त्यांची लबाडी माझ्या पेट्रोलच्या बिलाची पावती कशी होते, हे मला अजून कळलेलं नाही.

दुसरा आकडा जास्त अवघड, कारण त्यात न्यायाचा मुद्दा आहे. भारतीय माणसाचं दरडोई कार्बन डायऑक्साइड उत्सर्जन वर्षाला साधारण दोन टन, अमेरिकी माणसाचं त्याच्या सहा-सात पट. आधी त्यांनी करावं. देश म्हणून हे वाटाघाटीच्या टेबलावर मांडलंच पाहिजे, ठणकावून मांडलं पाहिजे. पण ऑफिसच्या कँटीनमध्ये हे वाक्य बोलणारा मी कोण? मी हिशेब केला. पिंपळे सौदागर ते चाकणमधलं आमचं ऑफिस, एका बाजूचं अंतर २४ किलोमीटर. जाऊन-येऊन ४८. लिटरला १५ किलोमीटर धरले तर रोज ३.२ लिटर पेट्रोल. एक लिटर पेट्रोल जळलं की साधारण २.३ किलो कार्बन डायऑक्साइड. म्हणजे दिवसाला सात किलोंच्या वर. वर्षाचे २४० कामाचे दिवस धरा : पावणेदोन टन. एका सरासरी भारतीयाच्या वर्षभराच्या सगळ्या उत्सर्जनाएवढं मी नुसतं ऑफिसला जाऊन-येऊन करत होतो. फ्लॅटचा एसी, गोव्याचं विमान, सगळं वेगळं.

मग ती दोन टनांची सरासरी खाली कुणी ठेवली आहे? आमच्याकडे स्वयंपाकाला येणाऱ्या मावशींनी. त्या चालत येतात. त्यांच्या घरी एक पंखा आहे, आणि पावसात त्यांच्या वस्तीत पाणी आधी शिरतं. मी त्यांच्या सरासरीच्या पदराआड लपून अमेरिकेकडे बोट दाखवत होतो. हे लिहिताना लाज वाटते, आणि वाटायलाच हवी.

‘माणसानं बदलायचं की व्यवस्थेनं’ हा वाद घातला की आपल्याला काहीतरी केल्यासारखं वाटतं. माझी आजी श्रावणी सोमवारी खुलभर दुधाची कहाणी वाचायची. तुमच्यापैकी अनेकांनी ती अर्धवट झोपेत ऐकली असेल. राजाचा हुकूम : गावातलं सगळं दूध देवळात आणा, महादेवाचा गाभारा भरायचा. लोक भीतीनं घरचं सगळं दूध ओततात, गाभारा भरत नाही. एक म्हातारी घरातल्यांना, मुलांना, वासरांना पाजून उरलेलं खुलभर दूध वाहते आणि गाभारा भरतो. आपण इथेच थांबतो आणि म्हणतो, वा, एकट्याचा छोटासा वाटा! पण कहाणी पुढे आहे. राजा पाळत ठेवतो, म्हातारीला पकडतो, विचारतो. ती अभय मागते आणि राजाच्या तोंडावर सांगते, की तुझा हुकूमच चुकलाय. मुलांच्या, वासरांच्या तोंडचं दूध काढलंस म्हणून गाभारा भरला नाही. मग राजा हुकूम बदलतो. म्हातारीनं स्वतःचं खुलं आणायचं की राजाला जाब विचारायचा, असा पर्याय निवडला नाही. दोन्ही केलं. आणि राजानं तिचं ऐकलं, कारण ती खुलं घेऊन आलेली होती.

आता मी काय केलं, किंवा बराच काळ काय केलं नाही, ते सांगतो.

आमच्या कंपनीची बस आमच्या भागातून सुटायची. नाशिक फाटा, भोसरी, मोशी, मग इंद्रायणीचा पूल ओलांडून चिंबळी फाटा, कुरुळी, चाकण. माझे वडील भोसरी एमआयडीसीत टर्नर होते, त्यांच्या पिढीला कंपनीची बस म्हणजे घड्याळ होतं. बस गेली म्हणजे सात वाजले. (त्यांना पर्यावरणाचं प्रेम होतं म्हणून नव्हे, गाडी परवडत नव्हती म्हणून.) आमच्या बसमध्ये लोक कमी होत गेले. एके दिवशी अॅडमिनकडून मेल आली. ‘डिअर ऑल, या मार्गाची बस चालू ठेवायची असल्यास सर्वांनी सोबतचा फॉर्म भरावा.’ मेल सत्तरेक लोकांना गेली होती. मी उघडली, स्टार केली, आणि विसरलो. सत्तर जणांत माझ्या एका फॉर्मनं काय फरक पडणार होता? फॉर्म आले सहा. बस बंद. कँटीनमध्ये आम्ही अॅडमिनला आठवडाभर शिव्या घातल्या. इंद्रायणी कॉर्नरच्या बातमीनंतर घातल्या होत्या, तशाच.

पाच महिने मी गाडीनं गेलो. एका संध्याकाळी चिंबळी फाट्याच्या अलीकडे सगळं ठप्प झालं होतं. समोरच्या काचेवर आमच्याच कंपनीचा पार्किंगचा स्टिकर. डावीकडच्या गाडीवर तोच. आरशात पाहिलं, मागे तोच. चारही गाड्यांत एकेकच माणूस, चारही जण मोबाईलमध्ये. मला हसू आलं, मग आलं नाही.

आमच्या कामात एक नियम असतो, तो सांगतो. सॉफ्टवेअरमधला दोष नोंदवला की त्याचं तिकीट बनतं, आणि तिकिटावर एक रकाना असतो : हे कुणाकडे? तिथे एका माणसाचं नाव लागतं. तिथे ‘टीम’ लिहिलं की ते तिकीट मेलं. सगळे हुशार, सगळे प्रामाणिक, सगळ्यांनी वाचलेलं, आणि सहा महिन्यांनी ते तिथेच. रात्री दोनला सर्व्हर पडला तर फोन एकालाच जातो, दहा जणांना नाही. दहा जणांना गेला तर दहाही जण कूस बदलून झोपतील. हे आम्ही पगारासाठी रोज पाळतो, आणि घरी येऊन ‘समाजानं जागं व्हायला हवं’ असं स्टेटस ठेवतो.

म्हणून मला ‘सर्वांनी’ या शब्दाचा मनापासून राग आहे. ‘सर्व नागरिकांना आवाहन’, ‘चला, आपण सारे मिळून’, ‘सर्व सभासदांनी सहकार्य करावे’. महापालिकेच्या फलकापासून सोसायटीच्या लिफ्टपर्यंत सगळीकडे हाच शब्द. तो ऐकायला मोठ्या मनाचा वाटतो आणि प्रत्येकाला सुट्टी देतो.

‘मनुष्यस्वभावच असा’ म्हणणाऱ्यांसाठी एक गोष्ट. २०१९ मध्ये संशोधकांनी ब्रिटन, नेदरलँड्स आणि दक्षिण आफ्रिकेतल्या शहरांमधल्या रस्त्यावरच्या भांडणांची २१९ सीसीटीव्ही चित्रणं तपासली. दहातल्या नऊ प्रसंगांत कुणीतरी मध्ये पडलं होतं. इतकंच नाही, लोक जास्त तर कुणीतरी मध्ये पडण्याची शक्यता जास्त. म्हणजे गर्दी आपोआप मुर्दाड होत नाही. समोर काय चाललंय ते स्पष्ट असेल आणि पहिला माणूस हलला, तर दुसरा हलतो. भोसरीतही एक डॉक्टर थांबलेच होते. हवामानाचा घोळ हा, की इथे भांडण दिसत नाही, रक्त दिसत नाही, आणि पहिला माणूस हलला तरी तो घरात बसून कापडी पिशवी घडी घालत असतो. कुणाला दिसत नाही. न दिसणारा सद्‌गुण त्या धुराच्या खोलीत काहीच कामाचा नाही. उठताना खुर्चीचा आवाज झाला पाहिजे.

तर बस. मी ग्रुपवर काही टाकलं नाही. अकरा नावं कागदावर लिहिली आणि एकेकाच्या टेबलापाशी गेलो. तिघांनी अक्षरशः एकच वाक्य उच्चारलं : ‘तू येणार असशील तर मी येतो.’ तिघंही एकमेकांपासून वीस पावलांवर बसतात. मी म्हटलं, मी येतोय, सोमवारपासून. तू? टेस्टिंगमधल्या एक सीनियर ताई म्हणाल्या, ‘अरे, मला कधीपासून गाडी चालवायचा कंटाळा आलाय, पण कुणी येत नाही म्हणून...’ अकरातले नऊ हो म्हणाले. यादी घेऊन अॅडमिनच्या साहेबांकडे गेलो. ते म्हणाले, ‘मला वाटलं कुणाला नकोच आहे बस.’

बस परत आली नाही. आली ती सतरा सीटांची टेम्पो ट्रॅव्हलर, आठवड्यातून तीन दिवस. दोघं महिनाभरानं गळाले, एकाच्या मुलीची शाळा, एकाचा मूड. दोघं आधी बाईकनंच येत होते, त्यामुळे वाचलेल्या पेट्रोलचा हिशेब मी मित्रांना सांगतो तेवढा भारी नाही. उरलेल्या दोन दिवसांपैकी एक दिवस मी अजून एकटाच गाडीनं जातो. तळेगाव चौकातली कोंडी तसूभर कमी झालेली नाही. ती कमी व्हायला पीएमपीच्या भरपूर बस, नीट रस्ते आणि चाकणपर्यंत मेट्रो लागेल, आणि ते माझ्या यादीनं होणार नाही. पण पुढच्या महिन्यात अॅडमिनसोबत बैठक आहे, सगळ्याच मार्गांच्या बसबद्दल. तिथे बोलायला मला बोलावलंय. सहा महिन्यांपूर्वी कुणी बोलावलं नसतं.

आमच्या सोसायटीत गच्चीवर सोलर बसवायचं कोटेशन दीड वर्षापासून पडून आहे. लिफ्ट, पंप आणि जिन्यातले दिवे यांच्या विजेसाठी ‘पीएम सूर्यघर’ योजनेत सोसायट्यांना किलोवॅटमागे १८ हजार रुपये अनुदान मिळतं, हे नोटीस बोर्डावर लावलंय. खाली लिहिलंय, ‘सर्वांनी विचार करावा’. सर्वांनी केला असणार.

काल रात्री मी खजिनदार काकूंना मेसेज केला. त्या बँकेतून रिटायर झाल्यात, मला लहानपणापासून ओळखतात. लिहिलं, ‘काकू, रविवारी अकरा वाजता तुम्ही आणि मी बसून अर्ज भरूया का? बारा महिन्यांची लाईट बिलं मी काढून ठेवलीत.’

दोन निळ्या टिका लगेच आल्या. उत्तर सकाळी आलं : ‘बिलं घेऊन ये. चेअरमनना मी सांगते. पण मीटिंगमध्ये तू उभं राहून बोलायचंस, मी नाही.’